कोंड्याच्या पोत्याचं कार्ड

तांबे मॅडमच्या दारावर नावाची पाटी नव्हती. पोस्टकार्डाएवढा एक पुठ्ठा दोऱ्याने टांगलेला होता आणि त्यावर निळ्या शाईत तीन ओळी होत्या:

बेल एकदाच वाजवावी.
ओले हात घेऊन येऊ नये.
'ईऽऽ' म्हणायचं असेल तर जिन्यात म्हणून घ्यावं.

खाली तारीख आणि सही.

मी पहिल्यांदा गेले तेव्हा बेल दोनदा वाजवली. आतून आवाज आला, "वाचता येत नाही का?" आणि दार उघडलं नाही. पाच मिनिटं थांबून मी पुन्हा एकदाच वाजवली, तेव्हा उघडलं. आमची ओळख ही अशी झाली आणि पुढे ती फारशी सुधारली नाही. मला त्या आवडत नव्हत्या. हे आधीच लिहून टाकते, कारण निघून गेलेल्या माणसाबद्दल लिहायला बसलं की हात उगाच गोड व्हायला लागतो.

मी त्यांच्याकडे गेले ती एका माशामुळे. माझ्या नवऱ्याने हौसेने एक ऑस्कर मासा आणला होता. तो तळहाताएवढा झाल्यावर त्याने दाणे खाणं सोडलं. त्याला जिवंत अळ्या पाहिजेत, असं मत्स्यालयाच्या दुकानदाराने सांगितलं. "मीलवर्म घर में पालो, आसान है. आपकी ही सोसायटी में एक मॅडम सिखाती हैं. बस, डांटती बहुत हैं." आम्ही भाईंदर पूर्वेला राहतो, स्टेशनपासून दहा मिनिटांवर. मी ए विंगमध्ये तिसऱ्या मजल्यावर, त्या बी विंगमध्ये दुसऱ्या. अकरा वर्षं एकाच गेटमधून ये-जा करून मला त्यांचं पहिलं नाव माहीत नव्हतं. इंदुमती. तेही मला त्यांच्या सहीवरूनच कळलं.

सरकारी धान्य गोदामात त्यांची सगळी नोकरी झाली होती. पोती मोजणं, थप्प्या लावून घेणं, धान्याला कीड लागली का बघणं आणि लागली असेल तर मारणं. लग्न केलं नव्हतं. निवृत्त झाल्यावर सहा महिने त्यांनी काहीच केलं नाही आणि सातव्या महिन्यात किडे पाळायला घेतले. "आयुष्यभर ह्यांना मारलं, म्हणजे ह्यांना काय मानवतं ते माझ्याएवढं कोणाला माहीत असणार?" असं त्या प्रत्येक नव्या शिकाऊला सांगायच्या. हा पश्चात्ताप वगैरे आहे असं मला आधी वाटलं होतं. तसं काही नव्हतं. त्यांना एक काम येत होतं, ते त्यांनी उलट्या बाजूने धरलं होतं, एवढंच.

त्यांच्या आतल्या खोलीत पलंग नव्हता. लोखंडी रॅक होता, त्यावर प्लास्टिकचे चौदा ट्रे. रॅकचे चारही पाय पाण्याच्या वाट्यांत उभे, मुंग्या चढू नयेत म्हणून. प्रत्येक ट्रेला कार्ड. गोदामात पोत्यांच्या प्रत्येक थप्पीवर कार्ड असतं, माल कधी आला, कधी तपासला, काय फवारलं, कोणी सही केली. तेच त्यांनी घरी आणलं होतं. एक ते चार भुंगे, पाच ते बारा अळ्या, तेरा आणि चौदा कोष. कोंड्याच्या पोत्याला कार्ड. साखरेच्या डब्यालाही कार्ड. त्या किड्यांना किडे म्हणत नसत. 'स्टॉक' म्हणत.

आमच्या तुकडीत आम्ही तिघं होतो. मी, किनाऱ्यावरच्या पाली गावातली रोझी आणि लव्हबर्ड पाळणारे जिग्नेशभाई. रोझीचं घर मासेमारीचं, पण नवऱ्याची होडी विकल्यापासून तिने गावठी कोंबड्या ठेवल्या होत्या. पहिल्या दिवशी मॅडमनी तिघांच्याही ओंजळीत मूठ मूठ अळ्या टाकल्या आणि म्हणाल्या, "शंभरपर्यंत मोजा. मोठ्याने. हात थरथरला की पुन्हा एकपासून."

मी दोनदा एकपासून मोजलं. रोझी शंभर झाल्यावरही हात पसरून उभी.

"बाय, ह्ये त काहीच न्हाय," ती म्हणाली. "आमी रोज कोलबी सोलतो. तिला पन पाय हाईत."

"कोलबी मेलेली असते," मॅडम म्हणाल्या.

"न्हाय ओ, कधी कधी जिती पन असते."

मॅडमनी तिच्याकडे जरा वेळ पाहिलं. ती त्यांना आवडली असावी. त्या तिला काहीच बोलल्या नाहीत, यावरून मी हे ओळखलं. जिग्नेशभाईंचा निकाल तिसऱ्या दिवशी लागला. त्यांनी कोषांच्या ट्रेवर वाकून म्हटलं, "अरे, बिचारे कितने शांत सोये हैं." मॅडमनी त्यांची पिशवी उचलून त्यांच्या हातात दिली. "बिचारे? तुम्ही पक्षी पाळता. ह्यांना तोंडात घालणार कोण, मी? ज्याला खायला घालायचं त्याच्यावर आधी गाणी नाही म्हणायची. जा." ते खरंच गेले.

शिकवायचं त्या थोडक्यात, आणि एकच गोष्ट दोनदा सांगत नसत. ट्रे गुळगुळीत हवा, म्हणजे अळ्या वर चढत नाहीत. गव्हाचा कोंडा तीन बोटं. कोंडा आणला की आधी दोन दिवस फ्रीझरमध्ये, म्हणजे त्यातले आगंतुक किडे आणि त्यांची अंडी मरतात. मग बाहेर काढून पूर्ण सुकवायचा. पाणी कधीही नाही. पाण्याऐवजी गाजराची चकती, धुतलेली आणि कोरडी पुसलेली, कारण ओल्या गाजराने कोंड्याला बुरशी धरते आणि बुरशीमागून पांढरे बारीक कोळी येतात, ते आले की सगळं गेलं. उरलेली चकती दुसऱ्या सकाळी काढून टाकायची. कोष रोज चमच्याने उचलून वेगळे, नाहीतर भुंगे त्यांना कुरतडतात. भुंगे पंधरा दिवसांनी नव्या ट्रेमध्ये, नाहीतर ते आपलीच अंडी खातात. आणि शेवटचा नियम त्या उभं राहून सांगायच्या: "तांदळाला लावतो ती बोरिक पावडर ह्या खोलीत येणार नाही. ज्या हाताने ती लावली तो हात साबणाने धुतल्याशिवाय ट्रेला लागणार नाही."

"स्टॉकला माया लागत नाही," असं त्या म्हणायच्या, "कोरडेपणा लागतो." तो त्यांच्याकडे मुबलक होता.

मी एका स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात स्टोअर सांभाळते. माझ्याकडे सगळ्याची यादी असते, याद्यांच्या फाइली असतात आणि फाइलींचीही एक यादी असते. पहिल्या आठवड्यानंतर मी कॉम्प्युटरवर सुंदर तक्ता केला. कोणत्या वारी गाजर, कधी चाळायचं, कोष किती. रंगीत छापून मॅडमना दाखवायला नेला. त्यांनी तो चष्मा वर करून वाचला, मग चाळणीखाली पसरला आणि त्यावर अळ्यांची विष्ठा चाळून घेतली. ती रव्यासारखी बारीक असते.

"कागद चांगला आहे," त्या म्हणाल्या. "गळत नाही."

तेव्हापासून मी 'यादीवाली' झाले. "यादीवाली, ते झाकण लाव." "यादीवालीला विचारा, तिच्याकडे तुमच्या जन्माचीही नोंद असेल." मी तो तक्ता तसाच पाळला. पन्नास अळ्यांचा माझा डबा आठव्या महिन्यात तीन डबे झाला. त्यांनी तो एकदाही पाहायला मागितला नाही.

सोसायटीशी त्यांचं भांडण जुनं होतं. एकदा चेअरमन दोन सदस्यांना घेऊन आले, की तुमच्या घरात किडे आहेत, आम्हाला त्रास होईल. योगायोगाने मी तिथे होते. मॅडमनी त्यांना आत घेतलं नाही, स्वतःच चपला घातल्या, त्यांच्या मागोमाग त्यांच्या घरी गेल्या आणि चेअरमनांच्या पत्नीला म्हणाल्या, "वहिनी, रव्याचा डबा बघू." डबा पालथा करून त्यांनी ताटात रवा पसरला. एक मिनिटाने त्यात हालचाल सुरू झाली.

"माझ्याकडचे मोजलेले आहेत," मॅडम म्हणाल्या. "तुमच्याकडे बेहिशेबी राहताहेत. आधी तुमची नोटीस काढा."

त्यानंतर कोणी आलं नाही. पण त्यांना कोणी हळदीकुंकवालाही बोलावलं नाही. त्यांचं काही अडलं नाही.

त्यांचं एकच माणूस होतं, चिपळूणचा भाचा सतीश. पन्नाशीचा, सरळ, शांत. दर दोन महिन्यांनी गाडी घेऊन यायचा आणि आत्याला आपल्याकडे न्यायचा विषय काढायचा. पूर्वी त्या उडवून लावायच्या. त्या हिवाळ्यात मात्र त्याच्याकडे कारण होतं. गॅसवर दूध ठेवून त्या खाली उतरल्या होत्या आणि भांडं जळून काळं झालं होतं. शेजारणीने त्याला कळवलं. माझ्याही डोळ्यांना दोन-तीन गोष्टी दिसल्या होत्या. चष्मा फ्रीझरमध्ये, कोंड्याच्या पिशवीवर. मला एकाच तासात दोनदा विचारलं, "रोझी आज का नाही आली?" एकच गोष्ट दोनदा न सांगणारी बाई ती. मी ते माझ्या डायरीत लिहिलं, कोणाला बोलले नाही.

सतीश आला तेव्हा मी आणि रोझी कोष वेचत होतो. त्याने आवाज खाली ठेवला होता.

"आत्या, आज दूध जळलं. उद्या काय होईल? इथे एकटी राहण्यात हट्ट सोडून काय आहे?"

"दूध कोणाचंही जळतं. तुझ्या बायकोचं जळत नाही?"

"तिथे घरात पाच माणसं आहेत गं."

मॅडम उठल्या. रॅकजवळ गेल्या आणि एका ट्रेच्या कडेवर हात ठेवला. "हा स्टॉक मी इतकी वर्षं एक दिवस न चुकता सांभाळलाय. ह्याला डोकं लागतं. ज्या दिवशी माझ्या हाताने हा मरेल त्या दिवशी मीच तुला फोन करीन आणि एक शब्द न बोलता तुझ्या गाडीत बसेन. तोपर्यंत हा विषय बंद." मग आमच्याकडे वळून, "दोघी साक्षीदार आहात. यादीवाली, तू लिहून घे."

मी लिहून घेतलं नाही. पण सतीशने मान हलवली, त्याला ते पुरेसं वाटलं.

मे महिना आला. कोकणातल्या माणसांच्या घरात तेव्हा काय चालतं ते सांगायला नको. पावसाळ्याची बेगमी. मिरच्या, मसाला, वर्षाचे तांदूळ. तांदळाला बोरिक पावडर लावायची, हाताने चोळून डब्यात भरायची. मॅडमचं गुडघ्याचं दुखणं वाढलं होतं, म्हणून त्यांनी मला गिरणीतून कोंडा आणायला सांगितलं. मी दहा किलो आणला, फ्रीझरमध्ये हप्त्याहप्त्याने ठेवून दिला, सुकवला आणि पोत्यात भरून त्यांच्या हवाली केला. त्याच आठवड्यात त्यांचे तांदूळ आले होते. पोती शेजारी शेजारी उभी होती.

मग मी आठवडाभर गेले नाही, कारखान्यात मोजणी होती. रोझीचा फोन आला. "बाय, लवकर ये. सगले पडलेत. हलत न्हाय कोनी."

मी पोचले तेव्हा सतीशही आला होता, त्याचा नेहमीचा शनिवार. चौदाच्या चौदा ट्रे जमिनीवर मांडलेले. अळ्या काळ्या पडून कोंड्यावर पसरलेल्या, भुंगे पाय वर करून. मॅडम स्टुलावर ताठ बसल्या होत्या. हातात चमचा होता. मी दारात दिसताच उभ्या राहिल्या.

"काय घातलंस कोंड्यात?"

"मी काही..."

"कोंडा तू आणलास. माझ्या नियमाने आजवर एक ट्रे गेला नाही. काय घातलंस?"

सतीश आत्याकडे बघत होता, आणि तो काय विचार करतोय हे मला स्पष्ट दिसत होतं. मी म्हटलं, पोतं बघते. पोतं स्वयंपाकघरात होतं. तोंड सोडलं, बोट घातलं. बोटाला पांढरी, गुळगुळीत पावडर लागली. तांदळाला लागते तीच. पोत्याला कार्ड बांधलेलं होतं. निळ्या शाईत: कोंडा, दहा किलो. बोरिक लावली. तारीख. सही, इंदुमती तांबे.

हात आपलं काम करून गेला होता. दोन पोती शेजारी होती, एकाला लावली, दुसऱ्यालाही लावली आणि जन्मभराच्या सवयीने नोंद केली. मग तोच कोंडा सगळ्या ट्रेमध्ये भरला. गोदामात जे बरोबर असतं ते सगळं त्यांनी बरोबर केलं होतं.

बाहेरून त्यांचा आवाज येत होता, "विचार तिला, सतीश, विचार."

मी कार्डाचा दोरा तोडला आणि कार्ड पर्समध्ये टाकलं. दया आली असं म्हणायला मला आवडलं असतं. त्या क्षणी मला त्यांचा रागच आला होता. पण त्यांना गाडीत बसवायचा निकाल माझ्या तोंडून लागू नये, एवढं मला कळत होतं. मी बाहेर येऊन म्हटलं, "माझी चूक झाली. घरी तांदळाला बोरिक लावली होती, त्याच पिशवीतून कोंडा आणला. लक्षात आलं नाही."

रोझीने माझ्याकडे पाहिलं. तिने मला कोंडा नव्या गोणीतून आणताना पाहिलं होतं. तिने वाकून एक ट्रे उचलला.

सतीशने श्वास सोडला. "म्हणजे आत्याची चूक नाही," तो म्हणाला, थोडा निराश, थोडा सुटल्यासारखा.

मॅडमना मात्र काही सुटल्यासारखं झालं नाही. "उभं राहून सांगते तो नियम," त्या म्हणाल्या. "कितीदा सांगितला? आणि यादी करतेस! कसल्या याद्या करतेस तू? हा सगळा स्टॉक तुझ्या नावावर. उद्यापासून ह्या दारात पाय ठेवायचा नाही."

मी पाय ठेवला नाही. पुढचे चार महिने सोसायटीत जो भेटेल त्याला त्या सांगत होत्या. भाजीवाल्याकडे, "हिच्याकडून पिशवी घेऊ नका, विष असतं." गेटवर वॉचमनला, "ये मॅडम से संभाल के." चेअरमनांच्या पत्नीने मला जिन्यात थांबवून विचारलं, "खरंच का हो तुम्ही त्यांचे किडे मारलेत?" आणि वर, "बरं केलंत." मी 'हो' म्हटलं. माझा नवरा चिडला. मी त्याला खरं सांगितलं, तेव्हा तो आणखीच चिडला. मलाही दर वेळी कानशिलं तापायची. दोनदा कार्ड काढून त्यांच्या दाराखालून सरकवावं असं मनात आलं. पहिल्या वेळी तर बी विंगच्या जिन्यापर्यंत गेले होते.

त्यांना पुन्हा सुरुवात करायला अळ्या हव्या होत्या. त्या रोझीकडे गेल्या. रोझीच्या कोंबड्यांनी सगळा डबा कधीच संपवला होता, पण ती मला फोन करून म्हणाली, "बाय, तुझ्याकडचे दे. माझे सांगून देते." मी दोन डबे दिले. तिने पालीहून बसने आणल्यासारखं तोंड करून ते बी विंगमध्ये नेले. तासाभराने खाली उतरली तेव्हा हसू दाबत होती.

"काय म्हणाल्या?"

"म्हनाल्या, रोझी, तुला जमलं. ती यादीवाली बघ, शिकून शिकून काय केलं तिने."

ट्रे पुन्हा भरले. चौदा नाही, सहा. आता रोझी रोज सकाळी जायची आणि मॅडमच्या नकळत तिने बोरिकचा डबा तिथून उचलून आपल्या घरी नेला होता. बाकी मॅडमचं ठीक चाललं होतं, किंवा चाललं आहे असं दिसत होतं. फक्त एक गोष्ट त्यांना सोडवत नव्हती. पोत्याचं कार्ड सापडत नव्हतं. रोझीला त्या रोज विचारायच्या. "कार्ड गेलं कुठे? प्रत्येक पोत्याला मी बांधते. तिनेच पळवलं असणार. त्यावर तिची काहीतरी लबाडी लिहिलेली असणार."

सप्टेंबरअखेरीस त्यांची सहामाही तपासणी असायची. गोदामाची सवय; सगळी कार्डं काढायची, रजिस्टरशी ताडून बघायची. त्या संध्याकाळी माझी बेल वाजली. एकदाच. दारात तांबे मॅडम, काठी टेकत, तीन मजले चढून धापा टाकत. आमची लिफ्ट बंद होती.

"झडती घ्यायची आहे," त्या म्हणाल्या.

मी म्हटलं, "पाणी घ्या आधी."

"तुझ्या घरचं? नको."

मी बाजूला झाले. त्यांनी हॉल पाहिला, माशाची टाकी पाहिली, खिडकीतला माझा उरलेला डबा पाहिला, त्यातली गाजराची चकती उचलून दोन बोटांत दाबली आणि परत ठेवली. कोरडी होती. मग त्या फाइलींच्या कपाटासमोर उभ्या राहिल्या.

कागद फेकणं मला जमत नाही. माझी अडचण तिथेच झाली. ते कार्ड मी फाडायला हवं होतं, जाळायला हवं होतं. पण तो एक पुरावा होता, त्यावर तारीख होती, सही होती. मी त्याला भोक पाडून फाइलला लावलं होतं. फाइलीच्या पाठीवर मोठ्या अक्षरात लिहिलं होतं, 'मीलवर्म'. गॅस, घर, मासा, मीलवर्म, या क्रमाने. कपाट इतकं व्यवस्थित होतं की मॅडमना अर्धं मिनिटसुद्धा लागलं नाही.

त्यांनी ते उभ्या उभ्या वाचलं. मग खुर्चीत बसून वाचलं. चष्मा काढला, पुसला, पुन्हा वाचलं. मी टाकीतल्या माशाकडे बघत राहिले.

"सही माझी आहे," त्या म्हणाल्या.

मी म्हटलं, "मॅडम, ते चुकून..."

"अक्षरही माझं आहे. खोटं बोलू नकोस, तुला येत नाही. तेव्हाही आलं नव्हतं. पिशवी म्हणालीस, आणि कोंडा गोणीत होता." त्यांनी कार्ड फाइलमधून काढलं, भोक पाडलेल्या कडेवरून बोट फिरवलं. "रेकॉर्ड पळवलंस. नोकरीत माझ्या हाताखाली असतीस तर त्याच दिवशी घरी बसवलं असतं."

"हो."

"आणि चार महिने मी सगळीकडे बोंबलत फिरले, ते ऐकून घेतलंस."

मी फाइल मिटून कपाटात जागेवर ठेवली.

"मूर्ख," त्या म्हणाल्या. हे त्या मला म्हणाल्या की स्वतःला, ते कळलं नाही. मग हात पुढे केला. "सतीशला फोन लाव. माझ्या फोनमध्ये नंबर सापडत नाही मला. हल्ली सापडत नाही."

मी म्हटलं, उद्या लावू, विचार करू. त्यांनी नुसतं पाहिलं. मी नंबर लावून फोन त्यांना दिला.

"सतीश? कोंड्याला बोरिक मी लावली होती. मे महिन्यात. हो, मी. कार्ड आहे माझ्याकडे. गाडी घेऊन ये." पलीकडून तो बरंच काही बोलला असावा. "नाही. त्या बाईचा काही संबंध नाही. तिने फक्त रेकॉर्ड लपवलं, त्याचं मी बघते." फोन माझ्या हातात देऊन त्या उठल्या. दारात थांबल्या. मी जरा आशेने पुढे झाले.

"बेलचं बटण सैल आहे," त्या म्हणाल्या. "बसवून घे."

रविवारी सतीश आला. सामान फारसं नव्हतं. रॅक रोझीने पालीला नेला, टेम्पोतून, कोंबड्यांच्या खुराड्याशेजारी ठेवायला. सहा ट्रेही तिलाच. दारावरचा पुठ्ठा मॅडमनी स्वतः उतरवला आणि त्यावर त्या दिवसाची तारीख घालून सही केली. सोसायटीतली माणसं गॅलरीतून बघत होती. चेअरमनांच्या पत्नी खालीही आल्या. मॅडम त्यांच्या समोरून गेल्या आणि एक शब्द बोलल्या नाहीत. वॉचमनने "मॅडम, नमस्ते" म्हटलं, त्यालाही नाही. त्या गाडीत मागच्या सीटवर बसल्या आणि सरळ समोर बघू लागल्या. तेव्हा माझ्या लक्षात आलं, त्या भांडत नव्हत्या, रुसल्याही नव्हत्या. साक्षीदारांसमोर 'एक शब्द न बोलता' म्हणाल्या होत्या, ते पाळत होत्या.

मला ते बघवेना. मला त्यांची शिवी चालली असती. मी धावत वर गेले, माझा उरलेला डबा घेतला, त्यात गाजराची चकती टाकली. आणि मुद्दाम, नळाखाली धरून ओली निथळती टाकली. त्यांच्या नियमांत बोरिकनंतरचा सगळ्यात मोठा गुन्हा. खाली येऊन उघड्या काचेतून डबा त्यांच्या मांडीवर ठेवला.

"न्या," मी म्हटलं. "गाजर आत्ताच घातलंय."

त्यांनी झाकण उघडलं. चकतीभोवती कोंडा भिजून काळा होत होता. त्यांचे ओठ हलले, मान माझ्याकडे वळली, डोळ्यांत सगळी बोलणी ओळीने आली, यादीवाली, मूर्ख, कितीदा सांगितलं. मी वाट बघत उभी राहिले.

ओठ पुन्हा मिटले. त्यांनी चकती बाहेर काढली, पदराचं टोक घेऊन आधी एक बाजू पुसली, मग दुसरी. भिजलेला कोंडा चिमटीने उचलून काचेबाहेर टाकला, माझ्या पायांवर. चकती जागेवर ठेवली आणि झाकण लावलं.

सतीशने गाडी सुरू केली.